पावलांच्या पोथीतलं सातवं पान

अण्णा, आधी तक्रार. सर्जापूर रोडवर मी राहते त्या इमारतीला तेरावा मजला नाही. म्हणजे मजला आहे, त्यावर मी राहते, भाडं भरते, कुंडीतला कढीपत्ता नेमाने मारते. पण लिफ्टमध्ये बाराच्या वर थेट चौदा. बिल्डरने अपशकुनाचा बंदोबस्त एका बटणात उरकला. लिफ्ट बंद पडली की जिन्याने डबा घेऊन येणारा माणूस प्रामाणिकपणे चौदा मजले मोजतो आणि माझी इडली वरच्यांच्या दारात ठेवतो. परवा वरच्या बाईंनी डबा परत दिला, ‘स्वल्पच खाल्ली’ म्हणाल्या. आकड्यांना घाबरणाऱ्यांची टिंगल लिहून मी वीस वर्षं पोट भरलंय. पण या रोगाची लागण मला घरातच झाली, आणि ती तुम्ही केलीत.

लहानपणीच्या जे. पी. नगरच्या स्वयंपाकघरात आपण तिघं, तुम्ही आणि आम्ही दोघी लेकी, अवरेकाईच्या शेंगा सोलतोय. तुम्ही सरकारी कारखान्यात सुटे भाग तपासायचात. पुढे निकाल, मागे फेरतपासणी, असा छापील कागद. जुने, बाद झालेले फॉर्म घरी यायचे आणि त्यांवर तुम्ही पोथी लिहायचात. अकरा चंद्रांचा देश. तिथे मूल पहिल्यांदा एकटं चालतं तेव्हा एक आंधळा मोजणीदार भिंतीला कान लावून बसतो. पडेपर्यंत जितकी पावलं, तितका त्याचा आकडा, जन्मभरासाठी. आणि दर आकड्याचं पोथीत एक पान, त्यावर त्या मुलाचं भविष्य. अक्का बारा पावलं चालून थेट तुमच्या गुडघ्याला बिलगली होती. मी सातव्याला आपटले.

गोष्ट होती तोवर गोड होती. मग मी तिसऱ्या महिन्यात वीणेचा क्लास सोडला. तुम्ही ओरडला नाहीत. नुसती सातचं पान उघडून पोथी पुढे सरकवलीत. ‘वाच.’ मी वाचलं: सात, आरंभ करील, शेवटास नेणार नाही. नऊ वर्षांची होते मी, अण्णा. दुसऱ्या दिवशी ते पान फाडलं आणि रागाने कंपासपेटीच्या झाकणात आतून डिंकाने चिकटवलं, रोज बघून दात खाता यावेत म्हणून. कपाटाची किल्ली अक्काकडे असायची, म्हणून चोर अक्का ठरली. त्या रविवारी मसाला दोसा खायला तुम्ही मला एकटीला नेलंत. तिच्या वाटणीचाही माझ्या पानात वाढलात.

तुम्हाला जाऊन अठरा वर्षं झाली. पोथी लाल फडक्यात, देवांच्या शेजारी. अक्का म्हणते, ‘गोष्टच आहे गं ती,’ आणि मग उघडून बघते. तिच्या मुलीने कंपनीतली नोकरी सोडली आहे. तिला शिलालेख वाचायला शिकायचंय, हळेगन्नड, म्हणजे जुनं कन्नड, वगैरे. अर्जाची मुदत सोमवारी संपते आणि आई ‘सरी’, म्हणजे ‘बरं’, म्हटल्याशिवाय ती भरणार नाही. आई म्हणत नाही. ‘सात आहे ती,’ अक्का मला फोनवर सांगते. ‘मी स्वतः मोजली होती पावलं. पोहणं सोडलं, चित्रं सोडली, आता नोकरी. तुझ्यावर गेलीये.’ मागून पोरगी ओरडते, ‘मावशी, ते सातचं पान तरी दाखवायला सांग तिला. पोथीत नाहीच आहे. तोंडपाठ म्हणते.’

कंपासपेटी मी ठेवली होती. का, ते विचारू नका. झाकण चहाच्या वाफेवर धरलं, डिंक सुटला, आणि पान पहिल्यांदाच उलटलं. मागे, फेरतपासणीच्या चौकटीत, तुमचं अक्षर: पडणे हा निकाल नव्हे. मोजणीदार आंधळा आहे, त्याला उठलेले ऐकू येत नाही. जिथे पडले तिथून मोजणी पुन्हा. कितीही वेळा.

तुम्हाला वाटत असेल मी रडले. मी चिडले. नऊ वर्षांच्या मुलीने कागद उलटून बघावा ही कारखान्याची शिस्त तुम्ही घरी कशी लावलीत? एक बोट लावून तुम्हालाच उलटता आला असता. शिवाय मला ही सवलत नकोच. वीणा मी सोडली, कारण मला ती आवडत नव्हती. त्याला पडणं मी तुम्हालाही म्हणू देणार नाही, तुमच्या अकरा चंद्रांनाही नाही.

हे सगळं अक्काला तोंडावर सांगायचं ठरवून काल गेले. पान पुढे ठेवलं. ‘मी फाडलं होतं,’ म्हणाले. ‘आणि मागची बाजू कोरी असती तरी मी हेच सांगायला आले असते. पोरीला जाऊ दे.’

‘फाडलंस ते ठाऊक होतं,’ अक्का म्हणाली. ‘दिवसभर तुझ्या बोटांना डिंक होता.’

‘मग अण्णांना बोलली का नाहीस?’

‘ते पान वाचल्यावर तुझं तोंड पाहिलं होतं मी.’ तिने मागची बाजू दोनदा वाचली. मग आतल्या खोलीकडे बघून म्हणाली, ‘अगं, तो फॉर्म आण. आणि पेन चालणारं आण.’

पान आता पोथीत आहे, उलटं लावून. हे पत्र मात्र माझ्याकडेच राहील. तुमचा पत्ता तुम्ही कुठल्याच बाजूला लिहून ठेवला नाहीत. एकच सांगते. त्या रविवारी दुसरा दोसा मला गेला नव्हता, तुमच्या नजरेआड पानाखाली सरकवला होता. काल एक बांधून नेला होता. गार झालेला. अक्काने शेवटच्या तुकड्यापर्यंत खाल्ला, मला विचारलंसुद्धा नाही.