चार बोटं जास्तीची पेटी

प्रिय योएझेरदादा,

अलेक्झांड्रियाला निघालेल्या एका तेलाच्या व्यापाऱ्याच्या हाती हे पत्र देते आहे. उद्याचा शब्बाथचा विसावा संपला की तो निघेल, म्हणून आजच घाईत लिहिते आहे. अक्षर लागलं नाही तर समजून घे.

काल अब्बांच्या अस्थी गोळा केल्या. त्यांना गुहेत ठेवून वर्ष झालं, दादा; आता हाडं पेटीत ठेवायची वेळ. खरं तर हे मुलाचं काम. गुहेच्या तोंडावरचा दगड सारल्यावर सगळे माझ्याकडे बघायला लागले. झक्कायकाका म्हणाले, "पोरी, तू बाहेर बस, मी करतो." जन्मभर अब्बांच्या शेजारी बसून दगडाचे पेले घडवलेला माणूस, पण मी ऐकलं नाही. म्हटलं, चार महिने अंथरुणातून मीच उचलत होते, आताही मीच उचलीन. हाडं इतकी हलकी असतात हे मला माहीत नव्हतं. छिन्नी लागून वाकडं झालेलं ते बोट हाताला लागलं आणि मग मात्र मला रडू आवरेना.

दगडाची ही पेटी अब्बांनी स्वतःच करून ठेवली होती, हे तुला ठाऊक नसेल. आजारी पडायच्या आधी तो सबंध उन्हाळा ते तिच्यामागे होते. वरून गोणपाट टाकलेलं असायचं, मला जवळ फिरकू द्यायचे नाहीत. मांडीचं हाड मावेल एवढी लांबी, की झाली पेटी, असं तेच आपल्याला सांगायचे ना? काल ते हाड ठेवलं, तर चार बोटं जागा उरली. काका म्हणाले, "हनीनचं माप चुकलं? याच्या पेल्यांत कधी केसाचा फरक पडला नाही, आणि स्वतःच्या पेटीला हात चुकला?" शोकाच्या दिवशीसुद्धा चारचौघे हसले. मीही हसले.

मग आत घासायला म्हणून काकांनी झाकण उलटं केलं. आतल्या बाजूला खिळ्याने कोरलं होतं, अब्बांच्याच वाकड्या अक्षरात: 'हनीन, आणि त्याचा मुलगा योएझेर.' काकांनी ते मोठ्याने वाचलं. आपल्या दारातून तू कायम वाकून आत यायचास, आठवतं? पेटी तुझ्या मापाची होती. तू धंदा टाकून निघालास त्या दिवशी "या घरात त्याचं नाव काढायचं नाही" म्हणणाऱ्या माणसाने बारा वर्षं तुझं माप डोळ्यांत धरून ठेवलं होतं. उद्या आपल्यासोबत एकाच पेटीत मुलाची हाडं असावीत, एवढंच त्यांना हवं होतं.

सूर्य मावळल्यावर रीतीप्रमाणे शोक सोडला. बाप विसावला म्हणून आनंद करायचा असतो. शेजारणींनी मसूर शिजवले होते, भाकरी-ऑलिव्ह होते. काकांनी द्राक्षरसाचा पेला पुढे केला, अब्बांनीच घडवलेला. मी तो तसाच खाली ठेवला. सगळ्यांना वाटलं, बापाच्या आठवणीने.

अब्बा गेल्याचं मी कळवलं तेव्हा तू लिहिलं होतंस, 'त्यांना माझं तोंड बघायचं नव्हतं, मग मी कुठल्या तोंडाने येऊ?' ते वाचून मी गप्प बसले, दादा. आता बसवत नाही. शेवटच्या महिन्यात अब्बा रोज म्हणायचे, "शिफ्रा, योएझेरला कळव. म्हणावं, बाप चुकला." मी रोज म्हणायचे, कळवलं. मी कळवलं नव्हतं. योप्पाहून जहाजं सुटत होती, माणसंही जात होती. पण मला राग आला होता. बारा वर्षं त्यांची चूल मी फुंकली, त्यांच्यासाठी माझं ठरलेलं लग्न मोडलं, आणि अब्बा डोळे लावून बसले ते तुझ्या वाटेकडे. बोलावूनही तू आला नाहीस असं समजून ते गेले. त्यांनी बोलावलंच नाही असं समजून तू राहिलास. दोघांच्या मध्ये मी बसले होते. झाकण मी लावलेलं नाही, नुसतं टेकवून ठेवलं आहे. ये आणि तुझ्या हाताने लाव. माझ्याशी बोलला नाहीस तरी चालेल, पण ये.

तू बहीण म्हण की म्हणू नकोस, तुझीच,
शिफ्रा