निळ्या काचेचं वाकडं घर

मंगळवार, ९ जानेवारी

ती आली आहे. आमच्या जगात.

हेडफोन लावले, चहाचा कप हाताशी ठेवला, कंप्युटरवरचा खेळ उघडला, आणि पडद्याच्या कोपऱ्यात तीन नावांऐवजी चार. गुनहिल, होवार, मी — आणि मायकेन. मला कुणी विचारलंही नाही. होवारने गुनहिलला विचारलं, गुनहिल हो म्हणाली. खेळातलं हे जग गुनहिलच्या कंप्युटरवर आहे, तिने उघडलं तरच आम्हाला आत जाता येतं, तेव्हा परवानगीही तिचीच. मान्य. पण सहा वर्षं ठोकळ्यावर ठोकळा मीही ठेवलाय. गुनहिल ट्रॉम्सोला गेली तेव्हा "आता भेटायचं कुठे" म्हणून हे गाव आम्ही तिघांनी वसवलं. क्रोकविक. खाडी, दीपस्तंभ, चर्च, सगळं. होवारचा आणि माझा घटस्फोट झाला तेव्हा तिथलं टेकडीवरचं घर होवारने ठेवलं आणि मी खाली धक्क्यावर मासळीची वखार बांधून राहायला लागले. दीड वर्ष झालं त्याला. मंगळवारी संध्याकाळी आणि रविवारी दुपारी मी माझ्या माजी नवऱ्याशी सभ्यपणे बोलते, लाकडं तोडते. लोकांना हे फार प्रौढपणाचं वाटतं.

आता त्यात त्याची ही नवी बाई.

आल्या आल्या विहिरीत पडली. होवार बाहेर काढेपर्यंत आतून "माफ करा, माफ करा" चालू.

शुक्रवार, १२ जानेवारी

गुनहिलचा फोन. "अगं, नाही कसं म्हणणार? तो इतकं गोड बोलून विचारतो."

म्हटलं, नाही म्हणायला तोंड उघडावं लागतं, एवढंच. हसली. गुनहिलला कुणाचीच बाजू घ्यायची नसते. घटस्फोटाच्या वेळीही म्हणाली होती, "माझं दार दोघांनाही उघडं." मला तेव्हा ते मोठेपणाचं वाटलं होतं.

रविवार, १४ जानेवारी

मायकेन मेंढीला धक्का लागला तर मेंढीची माफी मागते. कोंबड्यांची बारशी केली. तेहेतीस वर्षांची बाई, बालवाडीत शिकवते, आणि बालवाडीतच राहिली आहे.

आज काचघर बांधलं तिने. भोपळे लावायला. दोन्ही टोकांकडून एकदम सुरुवात केली आणि मधे भिंती जुळल्याच नाहीत. मग त्या फटीत दार बसवलं, तिरपं! साधी काच संपली म्हणून वाळू भाजून, रंग शोधून निळी काच केली. अख्खी दुपार घालवली त्यात. लांबून बघितलं तर कुणीतरी बादली लाथाडल्यासारखं दिसतं.

"तुर्दिस, कसं झालंय?" मला विचारते. मलाच.

"हवेशीर झालंय," म्हटलं.

"हो ना?" खूश झाली. टोमणा कळायलाही अक्कल लागते.

फोटो काढून ठेवला आहे. उद्या दुकानात माझ्याबरोबर काम करणाऱ्या बेन्तेला दाखवायला. हसून हसून मरेल.

बुधवार, १७ जानेवारी

आज एक आजोबा कानाचं यंत्र बसवून घ्यायला आले. म्हणाले, बाकी सगळं ऐकू येऊ दे, बायकोचा आवाज तेवढा कमी ठेवा. एरवी हसते मी. बेन्ते हसली. तिला काचघराचा फोटो दाखवला तर म्हणाली, "मला तर आवडलं." बेन्तेला काय, काहीही आवडतं, घड्याळाचे पट्टे पण.

रविवार, २१ जानेवारी

काचघर सरळ झालं आहे.

होवारने केलं, काल गुनहिलकडून जग उघडून घेऊन. भिंती समोरासमोर, दार मध्यभागी, काच पांढरी. आम्हाला सगळ्यांना तिथे घेऊन गेला. "बघ," म्हणाला मायकेनला. त्याच्या आवाजात वाढदिवसाची भेट देण्याचा सूर होता.

तिने दार एकदा उघडलं, एकदा लावलं. मग म्हणाली, "अरे वा. छान."

मी पोटापाण्यासाठी लोकांचे कान तपासते. प्रश्न ऐकू आलेला नसताना लोक जे "हो हो" म्हणतात ना, तसं होतं ते छान.

मला बरं वाटलं. खोटं कशाला लिहू. म्हटलं, ये बाई, लाग रांगेला.

मंगळवार, २३ जानेवारी

तिने विचारलं, "माझी निळी काच कुठे ठेवलीस?"

"टाकली समुद्रात. तुला ती कशाला हवी होती?" होवार म्हणाला. चिडून नाही. तो चिडत नाहीच.

"काही नाही. सहजच."

मग तिचा दगडी रस्ता. धक्क्यावरून कोंबड्यांपर्यंत वळणं घेत जाणारा. तोही आता फूटपट्टीने आखल्यासारखा झालाय. गुनहिल म्हणाली, "पण दिसतंय बाकी सुरेख." आणि खरंच सुरेख दिसत होतं. त्याचं केलेलं नेहमी सुरेखच दिसतं, हीच तर गंमत आहे.

लवकर बाहेर पडले. तव्यावर मासळीच्या टिक्क्या तशाच राहिल्या.

बाबांच्या सत्तरीला मी भाषण लिहिलं होतं. आठवडाभर लिहीत होते. कार्यक्रमाच्या दिवशी सकाळी होवारने माझ्या हातात दोन स्वच्छ टाइप केलेले कागद ठेवले. "थोडं नीट केलंय. तुझंच आहे." बाबा मला होडीत झोपवून जाळी ओढायचे, ते त्याने काढून टाकलं होतं. लांबत होतं म्हणे. मी तेच वाचलं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. बाबा म्हणाले, "तू लिहिलंस हे? वा." आणि पुढच्या वर्षी गेले.

घटस्फोटाचं कारण लोक विचारायचे, तेव्हा मला सांगता यायचं नाही. मारत नव्हता, ओरडत नव्हता, पीत नव्हता. "जमलं नाही," म्हणायचे. केवढं मूर्ख उत्तर.

रविवार, २८ जानेवारी

आज एक उद्योग केला.

गुनहिलने जग उघडलं आणि ती वाफल करायला गेली. ते दोघं अजून आले नव्हते. फोटो होताच माझ्याकडे — चेष्टेसाठी काढलेला. तो समोर ठेवला आणि काचघर पाडून पुन्हा बांधलं. जसंच्या तसं वाकडं. न जुळणाऱ्या भिंती, तिरपं दार, निळी काच. वाकडं बांधणं सोपं नसतं. हात आपोआप सरळ जातो. तीनदा चुकून बरोबर झालं!

हे मायकेनसाठी नव्हतं. होवारची जिरवायला केलं. ती बाई मला आजही सहन होत नाही.

मग ते आले. होवार काचघरापाशी थांबला. श्वास सोडला त्याने. तो श्वास मी बारा वर्षं ऐकलाय. माइकमधून लोकांना वारा वाटेल.

"मायकेन, आपण बोललो होतो ना यावर?"

"मी नाही केलं."

"बरं."

"खरंच नाही केलं, होवार."

"मी काही म्हणतोय का? बरं म्हणालो."

मग दोघांचेही माइक बंद झाले. एकाच घरात बसतात ते. पडद्यावर दोन बाहुल्या शेजारी शेजारी उभ्या, आवाज नाही. गुनहिल वाफल खात सांगत होती की तिच्याकडे उणे चौदा आहे.

मी गप्प बसले. "मी केलं" एवढे दोन शब्द. बसले गप्प.

मंगळवार, ३० जानेवारी

मायकेन आली नाही. "जरा थकली आहे," होवार म्हणाला आणि काचघर सरळ करायला लागला. टक टक टक. निळी काच फुटण्याचा आवाज त्या खेळात फार खरा केलाय.

"मी बांधलं होतं ते," म्हटलं.

टकटक थांबली. "तू?"

"हो. मायकेन खरं बोलत होती."

"का पण?"

"तिचं होतं तसं केलं. तू मोडलंस, मी जोडलं."

तो हसला. अगदी मायेने. "तुर्दिस, तू अजून बाहेर पडली नाहीस ना आपल्यातून? वाईट वाटतं मला. कुणाशी तरी बोल याबद्दल. मी चौकशी करून देतो हवं तर."

"गुनहिल," म्हटलं, "तू काहीतरी बोल."

मग गुनहिल म्हणाली, "मला वाटतं, आज इथेच थांबू या." आणि जग बंद झालं. धक्का गेला, वखार गेली, खाडी गेली. काळ्या पडद्यावर एक ओळ — यजमानाशी संपर्क तुटला.

शुक्रवार, २ फेब्रुवारी

गुनहिलचा संदेश आला. फोन नाही, संदेश. होवार फार दुखावला आहे. मी काही दिवस न आलेलं बरं. "सगळ्यांसाठीच."

सगळे म्हणजे कोण? जायचं एकटीने मीच.

सहा वर्षं. माझी वखार, माझा दीपस्तंभ. त्याची पायरी न् पायरी मी बसवली होती. आता ते गुनहिलच्या यंत्रात ट्रॉम्सोला पडून आहे आणि मी इथे क्रिस्तियानसुंदला एकटीने शुक्रवारचे टाको खातेय. दोन माणसांपुरतं सारण केलं सवयीने. मूर्ख.

मंगळवार, ६ फेब्रुवारी

माझं जग उघडलं. नाव काय ठेवायचं ते विचारतं. काही ठेवलं नाही.

खेळाने दिलेली जमीन दलदल निघाली. नशीब बघा. एक गाय आणि पाऊस. दार उघडं ठेवलं, मित्रांच्या यादीतल्या कुणालाही येता येईल असं. यादीत आहे कोण? होवार — काढला. गुनहिल — ठेवली, का माहीत नाही.

मग मायकेनला मैत्रीची विनंती पाठवली. बोट लागलं असेल.

गाईशी बोलले थोडं. मीही आता बालवाडीत.

रविवार, ११ फेब्रुवारी

मायकेन आली.

आधी नुसतं नाव दिसलं. मग चिखलातून धडपडत तिची बाहुली. मी हॅलो म्हटलं. ती खूप हळू बोलत होती, हेडफोन वाढवावे लागले.

"होवार पोहायला गेलाय. माझ्याकडे थोडाच वेळ आहे."

"बरं. गाय बघ."

"काचघर तू बांधलंस ना? त्याने सांगितलं मला. म्हणजे वेगळ्या पद्धतीने सांगितलं."

"मी तुला तेव्हाच सांगायला हवं होतं."

"हो," म्हणाली. "हवं होतं." पहिल्यांदाच हिने कशाची माफी मागितली नाही.

दोघी गाईपाशी उभ्या राहिलो. पाऊस चालू. मग तिने विचारलं, "तो तुझ्याशी कधी वाईट बोलला?"

"कधीच नाही."

"माझ्याशीही नाही. मग मी कुणाला काय सांगू?"

मी तिला भाषणाचं सांगितलं. होडीचं, जाळ्यांचं. आजवर कुणाला सांगितलं नव्हतं, सांगण्यासारखं काही आहे असंच वाटलं नव्हतं. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, तिच्या बहिणीला तोच उत्तरं लिहितो. मायकेन पसरट लिहिते, भांडण वाढवते, म्हणून तिच्या फोनवरून, तिच्या नावाने, नीट करून. नाताळपासून बहीण बोलत नाही. काय लिहून गेलं तेही तिला धड माहीत नाही, कारण त्याने ते पुसलं.

"फोन मागून घे," म्हटलं.

"मागितला की देतो. लगेच देतो. मग दिवसभर श्वास सोडत फिरतो. तुला माहितेय तो श्वास —"

आणि वाक्य अर्धवट सोडून ती गेली. पडद्यावर फक्त गाय.

मंगळवार, १३ फेब्रुवारी

उघडून बसले होते. आली नाही. चिखलावर फळ्या टाकून वाट केली. तीही धड झाली नाही.

गुरुवार, १५ फेब्रुवारी

गुनहिलचा फोन, कामाच्या वेळेत. "होवार म्हणतो, तू मायकेनच्या डोक्यात काहीबाही भरवतेस."

"हो," म्हटलं. "भरवते."

"तुर्दिस, मला दोघांच्या मधे नको ना ओढूस."

"तू मधे नाहीस, गुनहिल. कधीच नव्हतीस. तू त्याच्या शेजारी उभी आहेस आणि त्या जागेला 'मधे' म्हणतेस."

ती रडली बहुतेक. मी फोन ठेवला आणि पुढच्या बाईंना आत बोलावलं. त्यांच्या डाव्या कानाला काहीच ऐकू येत नाही आणि हे आजवर त्यांच्या घरात कुणाच्या लक्षात आलेलं नाही.

रविवार, १८ फेब्रुवारी

दुपारी खरी बेल वाजली. मायकेन. होवारच्या घरून वादळात पूल ओलांडून चालत आली, एक पाठपिशवी घेऊन. दार मी पूर्ण उघडलं होतं तरी विचारलं, "आत येऊ?"

बहिणीला माझ्या फोनवरून फोन लावला. पहिली काही मिनिटं दोघी नुसत्या रडल्या, मग मी स्वयंपाकघरात गेले. बहीण उद्या सकाळच्या बोटीने निघतेय.

होवारचा फोन आला. मला. "ती तिथे आहे का?" म्हटलं, "झोपली आहे," आणि ठेवला.

झोपलीच आहे. तोंड उघडं टाकून, घोरतेय. चिखलाचे बूट पायात, माझ्या पांढऱ्या सोफ्यावर. मी काहीही बोलणार नाही.