मे महिन्यासाठी गोठवलेली द्राक्षं

प्रिय नाना,

सुनीता मुलांना घेऊन सुट्टीला आली आहे. काल बाजारातून येताना तिने हंगामाची शेवटची द्राक्षं आणली आणि म्हणाली, "आई, तू नानामामासाठी फ्रीजरमध्ये ठेवायचीस ना, तशी करून ठेव. पोरं दुपारी खातील."

मी केली. तू गेल्यापासून पहिल्यांदाच. द्राक्षं धुतली, जुन्या धोतराच्या फडक्यावर एकेक मणी पुसला, ताटलीत सुटी सुटी मांडली. दगडासारखी झाल्यावर डब्यात भरली. नातवंडं आज दुपारभर कुडुम कुडुम चावत होती. धाकटा माझ्या तोंडाशी एक मणी घेऊन आला, "आजी, तू पण खा." मला तोंड उघडता येईना रे. म्हणून आत येऊन हे पत्र लिहायला बसले. नाहीतर तुझ्याशी बोलायचं तरी कसं?

आठवतं, आपण नाशिकच्या डॉक्टरांपुढे बसलो होतो? दोन्ही किडन्या गेल्या, आठवड्यातून दोनदा डायलिसिस, हे त्यांनी सांगितलं तेव्हा तू मान हलवत होतास. मग ते म्हणाले, "दिवसाला दोन फुलपात्रं पाणी. चहा, दूध, आमटी सगळं त्यातच धरायचं. आणि केळी पूर्ण बंद." रावेरकडच्या केळीवाल्याला केळी बंद! तू हसलास. म्हणालास, "डॉक्टरसाहेब, केळी सुटली तं सुटली. पन जल्मभर मी केळीले पानी पाजलं, आता माहीच पान्याची पाळी बंद करता का?"

डॉक्टरही हसले. मला मात्र हसू आलं नाही. बाहेर फाल्गुनातलंच ऊन आग ओकत होतं, आणि पुढे अख्खा उन्हाळा होता.

तेव्हा जवळपास डायलिसिसची सोय नव्हती आणि रावेरहून नाशिक लांब पडतं म्हणून तू धुळ्याला माझ्याकडे राहायला आलास. वहिनी बाग, गुरं, पाणी सगळं बघायला तिकडेच राहिली. दुसरं करणार तरी काय होतो? माझं रक्त तुझ्याशी जुळलं नाही. वहिनीला साखर निघाली. किडनी देणारं घरात कोणी उरलंच नाही.

द्राक्षांची युक्ती नाशिकच्या नर्सबाईंनी सांगितली. तहान लागली की गोठवलेलं एक द्राक्ष तोंडात धरायचं. चावायचं नाही, जिभेखाली विरघळू द्यायचं. घोटभर पाण्यापेक्षा जास्त वेळ पुरतं म्हणाल्या. मला केवढा आधार वाटला! आपल्या हाताने करता येईल असं काहीतरी मिळालं. सफरचंदाच्या पातळ फोडींना लिंबू लावून त्या गोठवायच्या, अननसाचे बोराएवढे तुकडे करायचे. आणि द्राक्षं एप्रिलनंतर मिळणार नाहीत म्हणून मार्चमध्येच पेट्या आणून मी फ्रीजर गच्च भरला. यांनी विचारलं, "एवढी?" मी म्हटलं, "मे आहे अजून पुढे."

तू ते मणी तोंडात धरून ओट्यावर बसायचास, डोळे मिटून. मी स्वयंपाकघरातून बघायची. तुझे ओठ फाटलेले असायचे. जीभ टाळूला चिकटायची आणि बोलताना तिचा आवाज यायचा. माठावर मी झाकण ठेवलं, वर पाट ठेवला, शेवटी माठच माडीवर नेऊन ठेवला. आम्ही घरातले पाणी प्यायचो ते मोरीत उभं राहून, चोरासारखं.

माझ्या सासूबाईंना ते बघवायचं नाही. त्या त्यांच्या अहिराणीत मला म्हणायच्या, "दी दे व त्याले पानी. बिचारा कितला तरसी ऱ्हायना." तू किती तरसतोस ते मलाही दिसायचं. पण मी म्हणायची, "आई, पाणी म्हणजे त्याला विष आहे." त्या पदर डोळ्यांना लावायच्या. "असं कसं विष व माय, पानी शे ते."

नाशिकच्या एसटीत मी थर्मासमध्ये द्राक्षं घेऊन तुझ्याशेजारी बसायची. मालेगावच्या स्टँडवर गाडी थांबली की उसाच्या रसाच्या चरकाचे घुंगरू वाजायचे. तू मान वळवून दुसऱ्या खिडकीबाहेर बघायचास. तिकडे काय होतं बघण्यासारखं? भिंतच होती ना?

आणि वहिनी यायची तेव्हा तू कसा व्हायचास! दाढी करून, स्वच्छ सदरा घालून बसायचास. बागेचं विचारायचास, घड कसे पडले, गाडी कधी भरली. तिने विचारलं, "तहान लई लागते का हो?" तर म्हणायचास, "छे. सवय झाली. कमल द्राक्षं देते ना गारेगार." ती समाधानाने परत जायची. तिची बस सुटली की तू भिंतीकडे तोंड करून निजायचास. मी एकदा तुला रागावले, "तिला खरं का सांगत नाहीस?" तू म्हणालास, "तिले सांगून काय होनार? ती तिकडे घास गिळनार नाही. तूही तिले सांगू नको, कमल. कधीच नको." मी हो म्हटलं. माझ्यावर हे केवढं ओझं टाकतो आहेस ते तुला तेव्हा कळलं होतं का रे?

मग मे उजाडला, आणि आमच्या गल्लीचा ट्रान्सफॉर्मर जळाला. आज दुरुस्त होईल, उद्या होईल. मी फ्रीजर उघडायचा नाही असं ठरवलं, त्याच्याभोवती गोधड्या गुंडाळल्या. बर्फवाल्याकडे गेले, तर लग्नसराईत त्याचा सगळा बर्फ आधीच ठरलेला. तिसऱ्या दिवशी सकाळी फ्रीजरच्या दारातून पाणी फरशीवर आलं. डबे उघडले तर द्राक्षं मऊ, चिकट, आंबट वासाची. मार्चपासून जमवलेली सगळी. मी फडकं घेऊन फरशी पुसत बसले आणि मला रडू आवरेना. तू भिंतीला धरत आलास, माझ्याजवळ खाली बसलास.

"रडू नको," म्हणालास. "मी कवाचा सांगनार व्हतो. आता मले नाशिकले जायचं नाही."

"म्हणजे?"

"म्हनजे नाही जायचं. मले रावेरले ने. बागेत."

मी ओरडले तुझ्यावर. वीज येईल, बाजारात अननस मिळेल, मी जळगावहून द्राक्षं शोधून आणीन, काय काय बोलले. तू ऐकून घेतलंस. यांनी समजावलं, सासूबाईंनी समजावलं, नाशिकच्या डॉक्टरांशी फोनवर बोलणं करून दिलं. त्यांनी तुला स्पष्ट सांगितलं की डायलिसिस थांबवलं तर आठवडा, फार तर दोन. तू म्हणालास, "समजलं साहेब. लई केलं तुमी." आणि फोन खाली ठेवलास.

मी तुला रावेरला घेऊन गेले. वहिनीला तू फक्त एवढंच सांगितलंस की चार दिवस हवापालट करायला आलो. तिला तेही खरं वाटलं. तुझ्या आवडीची भरीत-भाकरी करायला ती चुलीपुढे बसली, आणि तू मला बागेत घेऊन गेलास. केळीला पाणी सोडलं होतं. चारीतून ते खळखळत येत होतं आणि तू बांधावर बसून लहान मुलासारखा बघत होतास. मोटारीजवळ तांब्या होता. तू म्हणालास, "भर."

"नाना, वहिनीकडे माग."

"तिच्या हाताले ते पाप वाटंल. तू दे."

आणि माझ्या हाताला काय वाटेल, हे विचारलं नाहीस. मी तांब्या भरला. तू दोन्ही हातांनी धरलास आणि थांबत थांबत पूर्ण प्यायलास. पाणी हनुवटीवरून सदऱ्यावर सांडलं. मग म्हणालास, "अजून." मी अजून दिलं. तुझ्या चेहऱ्यावर जे सुख मी त्या दिवशी पाहिलं, ते बघताना मी आनंदी व्हायचं की छाती पिटायची, सांग ना. मला अजून कळलेलं नाही.

वहिनी मागून आली होती. जेवायला बोलवायला. तिने तांब्या माझ्या हातात पाहिला.

सहाव्या दिवशी तू गेलास. शेवटचे दोन दिवस तुला श्वास पुरत नव्हता, आडवं होता येत नव्हतं. वहिनी तुझ्या पाठीला पाठ लावून बसून राहिली. तुला उचलल्यावर ती अंगणात सगळ्यांसमोर मला म्हणाली, "माह्या मानसाले पानी पाजायचा हक्क तुले कोनं देला?" मी मान खाली घातली. तेव्हापासून तिने मला हाक मारलेली नाही. दिवाळीला साडी पाठवली तर ती आल्या पावली परत आली.

मी बोलले असते तर एका वाक्यात सुटले असते. तू उन्हाळाभर कसा तडफडलास, तिच्यासमोर हसू आणायला तुला किती कष्ट पडायचे, डायलिसिस कोणी थांबवलं, तांब्या कोणी मागितला, सगळं. पण मग तिचं काय झालं असतं? तिकडे बागेत ती रोज माठातलं गार पाणी पीत होती, आणि तू इकडे... हे कळल्यावर तिला पुन्हा पाणी गोड लागलं असतं का?

या महिन्यात मी रावेरला जाणार आहे. तिचे गुडघे धरले आहेत, एकटीच राहते असं ऐकलं. दार उघडेल की नाही माहीत नाही. नाही उघडलं तर ओट्यावर बसेन. ती मला जे बोलेल ते ऐकून घेईन, पुन्हा तोच प्रश्न विचारला तरी मान खाली घालीन. तिचा माझ्यावरचा राग तसाच राहू दे. पण तुझी तहान मी तिच्यापर्यंत पोचू देणार नाही, नाना. तुला हो म्हटलं होतं, ते माझ्या मरणापर्यंत हो आहे.

तुझी धाकटी बहीण,
कमल