फक्कीनं काढलेलं हृदय

बाई, रविवारी माझी परीक्षा आहे. हसू नका. किंवा हसाच, तुमचं ते शाळेच्या गेटपर्यंत ऐकू जाणारं हसणं ऐकून फार वर्षं झाली. डॉक्टरकीच्या प्रवेशाची परीक्षा आहे, नीट म्हणतात आता तिला. माझी मुलगी दुसऱ्यांदा बसतेय आणि तिच्या सोबतीला मी. गेल्या वेळी तिचा नंबर थोडक्यात हुकला, तेव्हा तिनं सगळी पुस्तकं पोत्यात भरून माळ्यावर टाकली आणि सांगून मोकळी झाली, "मी एकटी परत न्हाई बसणार." मी म्हशींना पाणी दाखवत होते. तोंडातून निघून गेलं, "एकटी कशाला, मी बसते की तुझ्याबरोबर." तिला वाटलं मी चेष्टा करतेय. मग तिनंच मोबाईलवर बघून सांगितलं की वरच्या वयाची अट आता राहिलेली नाही, आणि माझी बारावी सायन्सची, त्यात बायॉलॉजी, म्हणजे मला चालतंय. माझा नवरा शिरोलीच्या फाउंड्रीतून पाळी करून आला होता. त्यानं जेवता जेवता एवढंच विचारलं, "बस की मग. पर त्या दिवशी सांजची धार कोण काढणार?" "तुमीच काढा," म्हणाले मी. झालं, ठरलं.

फिजिक्समध्ये मी तोंडावर आपटणार हे मला आत्ताच माहीत आहे. केमिस्ट्रीशी थोडीफार ओळख निघते, लांबच्या पावण्याशी निघावी तशी. पण शरीर आणि पेशी! बाई, काय मज्जा आहे ओ! सकाळी डेअरीला दूध घालून आले की आम्ही दोघी गोठ्याच्या कट्ट्यावर पुस्तक उघडतो, आणि मला पान उलटायची इतकी घाई होते की मुलगी ओरडते, "आई, थांब की, माझं व्हायचंय अजून." पेशीच्या पडद्यातला तो पंप तुम्ही आम्हाला वरवर सांगितला होता, सोडियम बाहेर आणि पोटॅशियम आत. मुलीच्या डोक्यात तो काही केल्या बसेना, किती बाहेर आणि किती आत यात तिचा रोज गोंधळ. मग मी एका सकाळी तिला गोठ्याच्या दारात उभी केली. आमच्या पाच म्हशी. तीन बाहेर हौदावर सोडल्या, हौदावरच्या दोन आत घेतल्या, आणि दर खेपेला पेंडीचं एक घमेलं खर्ची घातलं. "हे घमेलं म्हणजे एटीपी, पेशीची ताकद," मी म्हटलं. "खायला घातल्याशिवाय हालत न्हाईत बघ." त्यातल्या थोरल्या म्हशीनं बाहेर जायला साफ नकार दिला आणि दारातच बसकण मारली. मुलगी पोट धरून हसली. पंप अडकला, आई, म्हणाली. त्यानंतर तो प्रश्न तिचा एकदाही चुकला नाही.

आणि तुम्हाला एक गोष्ट सांगायचीच आहे. ते एटीपी जिथं तयार होतं ना, त्या मायटोकॉन्ड्रियाच्या आतल्या पडद्यात एक चाक आहे. खरंखुरं गरगर फिरणारं. मुलीनं मोबाईलवर त्याचं चलतचित्र दाखवलं, तेव्हा माझ्या हातातली चहाची कपबशी तशीच राहिली. आपण बसलोय, बोलतोय, धार काढतोय, आणि आत अशी अगणित चाकं फिरताहेत. आमच्या पुस्तकात हे नव्हतं, तुम्हीही कधी बोलला नाहीत, म्हणजे बहुतेक तुम्हालाही माहीत नसणार. त्या दिवशी पहिल्यांदा मला तुमची इतकी आठवण आली. हे बघायला तुम्ही हव्या होतात. तुम्ही वर्गात टेबलावर हात आपटून म्हणाला असतात, "आयला, चाक?"

मुलीची खरी अडचण मात्र हृदय. सरावपरीक्षेत ती दर वेळी तिथंच मार्क घालवते, उजवीकडची झडप डावीकडे सांगते आणि डावीकडची उजवीकडे. पाठ सगळं आहे, नावं धडाधड म्हणते, पण आकृती समोर आली की उलटं. परवा पेपर तपासून झाल्यावर तिनं पेन भिरकावलं. "मला न्हाई जमत, आई. रविवारी मी न्हाई येणार." तिचा चेहरा बघितला आणि मला शाळेचं मैदान दिसलं.

आम्ही नववीत आहोत. तुम्ही पीटीच्या खोलीतून फक्कीची बादली उचलून आणलीय आणि कबड्डीच्या पांढऱ्या रेघा पायानं पुसून तिथं एक भलंमोठं हृदय काढताय. वर दोन खोल्या, कर्णिका. खाली दोन, जवनिका. झडपांच्या जागी दगड. कडेची दोन कडुलिंबं म्हणजे फुफ्फुसं, आणि आम्ही पोरं म्हणजे रक्त. रिकाम्या हातानं जायचं, कडुलिंबाखालून एकेक पान घ्यायचं, तो ऑक्सिजन, आणि परत हृदयात यायचं. तुम्ही सगळ्यांत पुढं मला उभी केलीत. "चल, उजव्या कर्णिकेत शीर." मी माझ्या उजव्या हाताला वळले आणि माझ्यामागून निम्मा वर्ग. तुम्ही कपाळाला हात लावलात. "मारलास की गं माणूस! पान आणायच्या आधीच रक्त अंगात सोडलंस!" सगळे हसले. मी रडवेली झाले. मग तुम्ही पदर खोचलात आणि चक्क त्या फक्कीत, हृदयाच्या मधोमध, उताण्या झोपलात. मैदानात, सगळ्या शाळेदेखत. झोपूनच उजवा हात हलवलात. "हा माझा कुठला हात?" "उजवा, बाई." "तुला कुठल्या बाजूला दिसतोय?" तो माझ्या डावीकडे होता. "हृदय तुझ्यासमोर टांगलेलं न्हाई. ते कुणाच्या तरी छातीत हाय. आधी त्या माणसाच्या आत जा, मग उजवं-डावं बोल." तेवढ्यात हेडमास्तर बाहेर आले. "बाई, हे काय चाललंय?" तुम्ही पडल्या पडल्याच म्हणालात, "हृदय हाय, सर. पलीकडनं जावा, तिथं झडप हाय." आणि हेडमास्तर खरंच वळसा घालून गेले!

तुम्ही उठलात, पाठ सगळी पांढरी झालेली. पदर झाडता झाडता मला विचारलंत, "काय व्हायचंय गं तुला?" मी म्हणाले, "बघू, बाई." तुम्ही माझ्याकडे रोखून बघितलंत. "बघू हे काय उत्तर झालं व्हय? ठरलं की सांग मला." पुढं बारावी झाली, लग्न झालं, आणि तुम्ही गेलात तेव्हा हीच मुलगी माझ्या पोटात होती. दिवस गेलेल्या बाईनं मयताच्या घरी जाऊ नये म्हणून मला कुणी पाठवलं नाही. मी दारात उभी राहून रडले आणि आत येऊन भाकऱ्या थापल्या.

तर परवा मी रांगोळीचा डबा आणला आणि आमच्या अंगणात हृदय काढलं, दारापासून थेट गोठ्यापर्यंत, झडपांच्या जागी दगड. सासूबाई काठी टेकत बाहेर आल्या. "हे कसलं गं भूत काढलंस दारात?" मी तुमच्यासारखी उताणी झोपले. मुलगी लाजून लाल झाली, "आई, ऊठ, लोकं बघाल्यात!" मी उजवा हात हलवला. मग हळूच येऊन तीही आडवी झाली, माझ्याशेजारी, रांगोळीत. थोड्या वेळानं तिच्या तोंडून नुसतं "अगं बाई" निघालं.

पुढं तर सासूबाईच रक्त झाल्या. आधी रिकाम्या हातानं, मग शेवग्याचा पाला घेऊन एकेक खोली फिरल्या, मुलगी पुढं आणि त्या मागं. डाव्या बाजूच्या दगडापाशी मुलगी म्हणाली, "आज्जी, ही मायट्रल झडप." सासूबाई जागीच थांबल्या. "डाक्टर म्हनतोय ती हीच व्हय? माझी ढिल्ली झाल्या ती?" मुलीनं त्यांचा हात धरून त्यांना वरच्या खोलीतून खाली नेलं आणि अर्ध्यातून परत वर आणलं. "झडप नीट लागत न्हाई, म्हणून थोडं रक्त असं माघारी येतंय. म्हणून तुला पायऱ्या चढताना दम लागतोय." सासूबाईंनी पायाच्या अंगठ्यानं तो दगड हलवून बघितला. "एवढी वर्सं गोळ्या खातोय," म्हणाल्या, "पर माझ्यात काय बिगाडलंय ते आज कळालं बघ. आता भ्या वाटंना." आणि त्यांचा चेहरा, बाई! दिवा लावल्यासारखा झाला होता. मुलीनं त्या दुपारी पेन शोधून आणलं आणि तोच पेपर परत सोडवला. हृदयाचं एकही चुकलं नाही. रविवारी ती येणार आहे.

माझं मात्र तेव्हापासून कशात लक्ष लागत नाही. धार काढताना सासूबाईंचा तो चेहरा दिसतो. परीक्षेचं प्रवेशपत्र मी दिवसातून दहादा काढून बघते, त्यावरचा माझा फोटो चोरासारखा आलाय. गल्लीत सगळ्यांना मी हसत हसत सांगते, पोरीच्या सोबतीला बसतेय ओ, तेवढाच तिला धीर. नवऱ्यालाही तेच सांगितलंय आणि मुलीलाही. पहिल्या दिवशी ते खरंही होतं. हा कागद मी कुठं पाठवणार? धार काढायची वेळ झालीय, मुलगी बादली घेऊन हाका मारतेय, आणि आता तो चुलीतच जाईल, कारण घरात कुणाच्या हाती लागलेला मला चालणार नाही. पण ठरलं की सांग म्हणाला होतात, म्हणून तुम्हाला सांगते. सोबत-बिबत काही नाही, बाई. यंदा नंबर लागला नाही तर मी पुढच्या वर्षी बसणार आहे, एकटी. मला डॉक्टर व्हायचंय.