बाबांना न कळवता

३ फेब्रुवारी

पाठवलं एकदाचं! राष्ट्रीय सन्मानासाठी बाबांचं नाव सुचवलं. आयुष्यभर कृत्रिम पाय केले, पूर्ण वाकणारा गुडघा केला — आणखी काय हवं? अट एकच, ज्याचं नाव त्याला पत्ता लागता कामा नये. माझ्या पोटात तर काही राहत नाही! बाबा समोरच एका कृत्रिम पावलाला कानस मारत होते. हसतेस का, म्हणाले. मी उठून आत गेले.

१९ मार्च

डॉक्टर म्हणाले, हृदय थकलंय. सन्मान फक्त हयात माणसाला देतात. देवा, त्या समितीला जरा घाई करायची बुद्धी दे.

७ मे

गुपचूप चौकशीला समितीचा माणूस येऊन गेला! शेजारच्या काकूंना वाटलं, आमचं घर विकत घ्यायला आलाय. आम्ही जाऊ नये म्हणून त्यांनी घराची यथेच्छ नालस्ती केली. भिंतींना ओल. म्हातारा दिवसभर ठोकत बसतो, लंगडत येईल त्याला पाय देतो, वाढत्या पोरांना फुकट बदलून देतो, व्यवहार म्हणून कळत नाही! त्याने सगळं टिपून घेतलं म्हणे. काकूंच्या गळ्यातच पडावंसं वाटलं.

२ जुलै

बाबांना जिना चढवत नाही. खाट खाली कारखान्यातच आणली. हत्यारं हाताशी आली म्हणून खूश आहेत. मला मात्र रडू आलं.

११ ऑगस्ट

नाव निवडलं की जाहीर करण्याआधी फोन करून विचारतात — घ्याल का? नाही म्हटलं तर विषय तिथेच मिटतो, कुणाला कळतही नाही. बाबांचा मोबाइल वाजला की मी धावते. अजून तरी नुसते कर्ज देणारेच.

२६ ऑगस्ट

भाजी आणायला गेले आणि नेमका तेव्हाच फोन आला! चहा पिताना बाबांनीच सांगितलं, कुणाला बोलू नकोस म्हणून. 'सन्मान देत होते, मी नको म्हटलं.'

नको! इतका राग आला की कप तसाच ठेवून उठले.

२७ ऑगस्ट

शेवटी विचारलंच, का.

'अगं, तो गुडघा तुझ्या आईचा. डोकं तिचं, मी नुसता घडवत आलो. तिचं नाव लावा म्हटलं, तर गेलेल्यांना देत नाहीत म्हणे.'

मी पाठवलेल्या पानांत आई एकदाच आहे. पत्नी — दिवंगत.