कुत्र्यासाठीचा रुमाल

प्रिय वेन्या,

इतक्या वर्षांनी लिहिते आहे, तेव्हा अक्षराकडे पाहू नकोस. वाक्ये पाहा, ती अजून सरळ उभी राहतात. तुझ्या मालिका मी पाहते. परवाच्या भागात विधवा नवऱ्याला पुरून येते आणि लगेच हसत चहा ओतते. माझ्यासमोर असे लिहिले असतेस, तर मी कागद फाडला असता. सोव्हिएत देश बुडाल्यावर मी धुण्याच्या पावडरीच्या जाहिराती लिहिल्या, पण त्यांतही एक विशेषण जास्त पडू दिले नाही.

लेनिनग्राडच्या स्टुडिओत आपण सगळेच पटकथाकार ‘कुत्रा’ पाळायचो, आठवते? कापला जावा म्हणूनच घातलेला प्रसंग. सेन्सॉर मंडळाने त्याच्यावर तुटून पडावे, आपण तासभर भांडून तो सोडावा आणि ज्याच्यासाठी हा खटाटोप, तो प्रसंग सुखरूप निसटावा. रडण्याचे काम तुझे. चौकड्यांचा रुमाल काढून तू डोळे पुसायचास आणि मंडळाचे अध्यक्ष गेर्मान सावेल्येविच विरघळायचे, “अहो, रडताय काय लहान मुलासारखे! त्याजागी दुसरं काहीतरी लिहा, बाकी सगळं राहू द्या.” आपले दोन चित्रपट असेच तरले.

तिसऱ्यात खराच कुत्रा होता. पांढरा, पक्षसचिव भाषण करत असताना त्यांच्या मागून लंगडत जाणारा. वाचवायची होती ती फलाटावरची आई. युद्ध कधीच संपलेले, तरी मुलासाठी उकडलेले बटाटे घेऊन ती प्रत्येक गाडीला येते. अध्यक्ष हसून म्हणाले, “कुत्रा असू द्या हो, गोड आहे. तेवढी बटाटेवाली बाई काढा.”

खरा प्रसंग कोणता, हे आपल्या दोघांनाच ठाऊक होते. मी तुझ्याकडे पाहिले. तुझा हात खिशाकडे गेलाच नव्हता. बाहेर मी विचारले, रुमाल कुठे आहे? “घरी राहिला गं, रेगिना. पोलिसासारखी काय बघतेस!” त्या वसंतात परदेशी महोत्सवाला तू एकटाच गेलास. रुमाल लागणार नाही, हे तुला घरून निघतानाच कसे ठाऊक होते, वेन्या?

गुरुवारी तोच चित्रपट नव्या प्रतीत दाखवणार आहेत. श्रेयनामावलीत तुझे नाव ठेवायचे का, असे स्टुडिओने मला विचारले आहे. उत्तर खेळानंतर देईन, असे मी कळवले आहे. माझ्या शेजारची खुर्ची तुझ्यासाठी राखली आहे. कुत्रा पडद्यावर येईल, तेव्हा मी तुझ्याकडे पाहत असेन. या वेळी रुमाल विसरू नकोस.

तुझीच, निदान गुरुवारपर्यंत,
रेगिना