‘पुढे जा’ म्हणजे नक्की काय

मुलुंड (पूर्व)
गुरुवार, २७ नोव्हेंबर १९८६

तीर्थरूप रत्नामावशीस,

अनुपमाचा वाकून नमस्कार. तू मालवणात खुशाल असशील, काकांचा उजवा गुडघा (मागच्या पत्रात डावा लिहिला होतास, एकदा नीट बघून कळव) बरा असेल आणि मे महिन्यात मी दुरुस्त करून दिलेला मिक्सर अजून फक्त दोन नंबरावरच चालत असेल, अशी आशा करते. आम्ही तिघं इथे प्रकृतीने उत्तम आहोत. बाकी कसे आहोत ते ओघात येईल.

तुझं कार्ड मंगळवारी मिळालं. ‘अनु, केस कापलेस का? खरं सांग.’ एवढाच मजकूर, आणि तोही उघड्या कार्डावर. त्यामुळे पोस्टमन, आमचा वॉचमन आणि तळमजल्यावरच्या जयंतीकाकू या तिघांनी माझ्या डोक्याकडे बघून तुझ्या प्रश्नाचं उत्तर आपापलं मिळवलं. (काकूंना खरं तर बघायची गरज नव्हती. तुला कळवलं त्यांनीच.) त्यांनी लिहिलं असणार की अनुपमा भगव्या साधूंच्या मागे डबा घेऊन दारोदार भीक मागत होती. यात चार चुका आहेत. रंग भगवा नव्हता, पिकल्या फणसाच्या गऱ्यापेक्षा जरा गडद होता. ते साधू नव्हते, बौद्ध भिक्खू होते. ते भीक नव्हे, पिंडपात (म्हणजे लोकांनी आपणहून पात्रात घातलेलं अन्न) घेत होते. आणि मागत कोणीच नव्हतं, कारण मागायचं नाही हाच त्यांचा पहिला नियम. डबा मात्र होता. डब्याचं शेवटी सांगते.

मूळ गोष्ट तुला ठाऊक आहे, तरी नोंद असावी म्हणून लिहिते. दसऱ्याला, सोनं वाटून झाल्यावर, मी आईला सांगितलं की मला सहदेवशी लग्न करायचं आहे. सहदेव आमच्या मरोळच्या कारखान्यात टूलरूममध्ये आहे आणि बौद्ध आहे. (त्याच्याबद्दल इथे एवढंच.) आईने विचारलं, ‘त्या लोकांत?’ मी म्हटलं, ‘त्याच्याशी.’ त्या क्षणापासून आज सेहेचाळीस दिवस आई माझ्याशी बोलत नाही. दिवाळीचा सगळा फराळ आम्ही दोघींनी एका स्वयंपाकघरात एकही शब्द न बोलता केला. चकल्या मात्र कधी नव्हे इतक्या खुसखुशीत झाल्या. मला काही सांगायचं असलं की आई बाबांना सांगते. मी समोर असते. ‘तिला म्हणावं, भाजी गार होतेय.’ बाबा माझ्याकडे वळून म्हणतात, ‘भाजी गार होतेय.’ मी आईशिवाय लग्न करणार नाही, आणि दुसऱ्या कोणाशीही करणार नाही. असं सगळं अडलेलं आहे.

या अबोल्याची सगळ्यात वाईट वेळ म्हणजे सकाळची न्याहारी, कारण बाबा तेव्हा अंघोळीला असतात आणि निरोप पोचवायला कोणी उरत नाही. म्हणून जेव्हा सहदेव म्हणाला की सिलोनचे तीन भंते बोरिवलीच्या लेण्यांपासून मुलुंडच्या विहारापर्यंत चार दिवस चालत येणार आहेत, बरोबरच्या मराठी भंतेंना आदल्या संध्याकाळी ताप भरलाय आणि इंग्रजी समजणारं कोणीतरी हवं आहे, तेव्हा मी चार दिवसांची रजा टाकली. (सहदेव बरोबर होताच, पण त्याचं इंग्रजी हत्यारांच्या नावांपाशी संपतं. तेवढं मात्र बिनचूक आहे.) भक्तिभाव नव्हता. न्याहारी चुकवायची होती.

पण मावशी, ती माणसं तू बघायला हवी होतीस. मी रोज प्रेशर गेज तपासते. गेज दाखवतं ते आणि खरं असतं ते, यांतला फरक लिहून ठेवणं हे माझं काम. इतका काटेकोर कारभार मी आमच्या कारखान्यातही पाहिलेला नाही. वयाने नव्हे, दीक्षेच्या तारखेने रांग लावायची. नजर बैलाच्या जोखडाइतकी पुढे, त्याहून लांब नाही. (मी अंदाजाने मोजलं. सहा फूट.) दारात उभं राहायचं, पण खोकायचंसुद्धा नाही. दिलं तर घ्यायचं, नाही दिलं तर तितक्याच सावकाश निघायचं. श्रीमंत घर निवडायचं नाही, गरिबाचं टाळायचं नाही. ओळीने येईल ते प्रत्येक घर घ्यायचं. जे मिळेल ते एकाच पात्रात, आणि दुपारी बाराच्या आत संपवायचं. मोठे भंते सत्तरीचे आहेत. मी त्यांच्या पात्रात एकावर एक पडलेला वरणभात, ढोकळा, ग्लुकोजची बिस्किटं, वडापाव आणि एका आजीबाईंनी गडबडीत घातलेली साबणाची वडी पाहिली. वडी तेवढी त्यांनी बाजूला काढून ठेवली, पुसली आणि दुपारी आनंदाने हात धुतले. बाकी सगळं एकाच चेहऱ्याने खाल्लं. मला कोथिंबिरीची काडी जास्त झाली तरी कळते, हे तुला माहीत आहे. मला लाज वाटली.

आता माझी चूक. पहिल्याच सकाळी बोरिवलीत एका सोसायटीच्या दुसऱ्या मजल्यावरून एक गृहस्थ दाढीला साबण लावलेल्या अवस्थेत ओरडले, ‘पुढे जा बाबा, पुढे जा!’ मोठ्या भंतेंनी मला हळूच विचारलं, ते काय म्हणाले? मी भाषांतराला आले होते. मी शब्दाला शब्द ठेवून भाषांतर केलं: पुढे चालत राहा, असं म्हणाले. भंते थांबले. त्यांनी दाढीवाल्याला हात जोडले. ते इतके भारावून गेले होते की साबणासकट त्या गृहस्थांनीही हात जोडले. पुढच्या तीन इमारतींत हेच ऐकू आलं. दुपारी भंते आम्हाला म्हणाले, विलक्षण शहर आहे, इथे कोणी विन्मुख पाठवत नाही. ज्याच्याकडे अन्न नसतं तो उपदेश देतो.

गेज चुकीचं निघालं तर त्याच दिवशी लिहून द्यायचं, असा माझा नियम आहे. मी लिहून दिलं नाही. त्यांचा चेहरा बघून धीर झाला नाही. परिणाम असा झाला की दुसऱ्या दिवशी त्यांनी ते दोन शब्द पाठ करून आणले आणि जो देईल त्याला हात वर करून, हसून आशीर्वाद द्यायला सुरुवात केली: ‘पुढे जा.’ मरोळला पात्रात भाकरी घालणाऱ्या कामगाराला त्यांनी ‘पुढे जा’ म्हटलं, तो घड्याळ बघून ‘आयला, भोंगा झाला की!’ म्हणत पळत सुटला. तिथेच एकाने मला विचारलं, ‘ताई, शूटिंग हाय काय? हिरो कुठाय?’ मी म्हटलं, शूटिंग नाही. तो म्हणाला, ‘सांगू नका, सांगू नका. आपण कुणाला नाय बोलणार यार.’ आणि पुढचे दोन नाके तो केस विंचरून आमच्या बाजूने चालला. साकीनाक्याला तर वाहतूक तुंबली होती. एका ट्रकवाल्याने खिडकीतून केळ्यांचा घड दिला, भंते म्हणाले ‘पुढे जा’, आणि खरोखरच त्या क्षणी पुढची गाडी हलली. ट्रकवाल्याने कानांना हात लावले. (माझी चप्पल इथेच तुटली. ते तिघं अनवाणी होते, त्यामुळे मला तक्रारीला जागा नव्हती. उरलेलं अंतर मीही तशीच चालले.)

घाटकोपरला सोनूबाईंचं दार आलं. सोनूबाई म्हणजे सहदेवची आई. (मी त्यांना पहिल्यांदा भेटले ते अशी, अनवाणी आणि घामाघूम.) त्यांनी पात्रात भात घातला, गुडघे टेकले, आणि भंते म्हणाले, ‘पुढे जा.’ सोनूबाईंनी वर पाहिलं. मग त्या हसायला लागल्या, आणि हसता हसता डोळ्यांना पदर लावला. मला म्हणाल्या, ‘लहानपणी गावात दारोदार हेच ऐकलंय गं पोरी. पण असं, हात वर करून कुणी नव्हतं म्हटलं.’ मग त्यांनी आतून एक मोठा स्टीलचा डबा आणून माझ्या हातात दिला. ‘पात्र भरलं की वरचं सांडतं. उद्या ह्यात घे.’ झाकणावर नाव कोरलेलं आहे: ‘चि. सहदेव आय. टी. आय. पास, १९७९.’

त्या दुपारी मी भंतेंना खरं सांगितलं. म्हटलं, माझी चूक झाली. इथे नको असलेल्या माणसाला घालवायला ‘पुढे जा’ म्हणतात. मग त्यांनी विचारलं, आणि खरंच कोणी पुढे जावं असं वाटत असेल तेव्हा काय म्हणतात? मी म्हटलं, तेच. ते म्हणाले, मग तुम्हाला कळतं कसं? मी हातातल्या डब्याचं झाकण उघडलं आणि परत लावलं. ते म्हणाले, ठीक आहे, मी पहिलाच अर्थ वापरत जाईन.

रविवारी मुलुंड. सहदेवने सुचवलं की आमची गल्ली सोडून द्यावी. मी ताबडतोब होकार दिला. भंतेंनी नकार दिला. ओळीतलं घर सोडता येत नाही. मी डोक्यावरून ओढणी घेतली. (तो काही वेश नव्हे हे मला मान्य आहे.) सव्वाआठला आम्ही आमचा जिना चढलो: भंते, भंते, भंते, मी, आणि खालच्या वळणावर सहदेव. दारातून घावण्यांचा वास येत होता. आईने दार उघडलं, हातात कालथा, नजर तव्याकडे, आणि न बघताच म्हणाली, ‘पुढे जा.’ मोठ्या भंतेंचा चेहरा उजळला. त्यांनी हात वर केला आणि आईला म्हणाले, ‘पुढे जा.’

स्वतःच्या उंबऱ्यात उभं राहून असं ऐकून घ्यायची आईवर ही पहिलीच वेळ असावी. तिने भंतेंकडे पाहिलं, दुसऱ्यांकडे, तिसऱ्यांकडे, मग माझ्याकडे. मग माझ्या पायांकडे. आत गेली. मी मनात अठ्ठावीसपर्यंत मोजलं. ती घावण्यांची टोपली आणि नारळाच्या रसाचं पातेलं घेऊन बाहेर आली, प्रत्येक पात्रात तीन घावणे आणि वर रस घातला, आणि टोपलीत उरलेले दोन माझ्या हातातल्या डब्यात ठेवले. झाकण तिने स्वतः लावलं. त्यावरची अक्षरं वाचायला लागतो तितका वेळ तिचा हात झाकणावर होता. मग माझ्याकडे बघून म्हणाली, ‘फुडे जा गो.’ दार लोटलं. कडी लावली नाही. (त्या दिवशी बाबांनी पाव खाल्ला.)

आता माझी खरी अडचण. सेहेचाळीस दिवसांत आई माझ्याशी थेट बोलली ते हे तीन शब्द. पहिला अर्थ घ्यायचा की दुसरा? ‘पुढे’ असतं तर मी मुंबईचा अर्थ लावला असता. पण ती ‘फुडे’ म्हणाली, आणि आई मालवणीत फक्त दोनदा बोलते: फार संतापली तर, आणि फार जीव कळवळला तर. चेहरा दोन्ही वेळा सारखाच असतो. तिने जिन्यात खाली सहदेवकडे पाहिलं की नाही, तेही मी सांगू शकत नाही. गेज आणि डोळा एका रेषेत नसले की वाचन चुकतं, आणि मी फार जवळ उभी होते. तू तिची ताई आहेस. तुम्ही दोघी एकाच चुलीपाशी ही भाषा शिकलात. तेव्हा विनंती अशी की पत्र मिळताच इकडे ये, दोन दिवस राहा, आणि तिने काय म्हटलं ते तिलाच विचारून मला सांग. मला विचारायचा धीर होत नाही. चार दिवस न मागता कसं उभं राहायचं ते शिकले. मागायचं कसं ते कोणी शिकवलं नाही.

काकांना नमस्कार. उत्तर पाकिटातून पाठव.

तुझी,
अनुपमा

ता. क. केस कापलेले नाहीत. वेणी साडेएकोणीस इंच आहे.

ता. क. आणखी एक. भंते मंगळवारी परत गेले. निघताना आशीर्वाद म्हणून काय म्हणाले असतील ते तू ओळखशीलच. फलाटावरच्या हमालाला वाटलं त्यालाच हुकूम आहे; तो दुसऱ्याच कोणाची ट्रंक उचलून चालू लागला.

ता. क. शेवटचं. डब्याचं सांगायचं राहिलं. मी तो घासायला घरी आणला होता, परत द्यायचा म्हणून. आईने मोरीतून उचलला, पुन्हा स्वतः घासला आणि फळीवर ठेवला. अकरा दिवस तो तिथेच आहे. परवा मी तो पिशवीत घातला, तर आई बाबांना म्हणाली, ‘कोणाचा डबा रिकामा परत देतात का, विचारा तिला.’ आणि आत्ता, मी पाकिटाला डिंक लावत असताना, ती दारात येऊन बाबांना म्हणाली (बाबा अंघोळीला गेले आहेत, खोलीत मी एकटीच आहे): ‘ताईक पत्र लिवता मा ता? तेका सांगा, येताना खाज्याचे दोन पुडे हाड म्हणान लिव.’

तेव्हा खाजं आण. दोन पुडे. आपल्या घरात एकच लागतो.